चार पेले आणि तुलिओची कुरकुर

१४ एप्रिल

पाटी एकदाची लागली. स्टेशनच्या जिन्यापाशी, दोन पाट्यांच्या खाली, म्हणजे लोकांच्या गुडघ्यांच्या उंचीवर. सगळ्यात वर बोटवाले: 'सूर्यास्त, समुद्र आणि हवी तेवढी वाइन'. त्यांची वाइन प्लास्टिकच्या पिंपातून येते हे सगळ्या गावाला ठाऊक आहे. मधली पाटी 'आजीच्या हातचा पेस्तो शिका', म्हणजे आमची बेझिलच्या पानांची आणि लसणाची चटणी. यातली आजी म्हणजे मिलानहून आलेला चौतीस वर्षांचा दाढीवाला बाप्या. आणि खाली आम्ही. 'देल्फिना आणि तुलिओ. घरची वाइन, चार पेले. अर्मिदाच्या खारवलेल्या मासोळ्या. २७० पायऱ्या.'

पायऱ्यांचा आकडा तुलिओच्या हट्टापायी. मी म्हटलं, "अरे, तो आकडा वाचून कोण येईल?"

"ज्याला यायचंय तो येईल. बाकीचे वर येऊन धापा टाकतात आणि पाणी मागतात."

एकतीस वर्षं मी जिनोआच्या पोस्टात खिडकीमागे बसले. जानेवारीत निवृत्त झाले, म्हटलं आता जरा निवांत. फेब्रुवारीत थोरले बंधुराज तुलिओ द्राक्षमळ्याच्या दगडी बांधावरून मागच्या मागे पडले. डोक्याला सात टाके. मी पंधरा दिवसांसाठी म्हणून आले ती इथेच राहिले, कारण टाके निघाले त्या दिवशी हे महाशय म्हणाले, मळा गावच्या शेतकी सोसायटीला देऊन टाकतो. आजोबांनी पाठीवर दगड वाहून रचलेले बांध, आणि हा देऊन टाकतो म्हणे. मी भांडून एक हंगाम मागून घेतला. पाहुण्यांना वाइन चाखायला बोलवायचं, घर गजबजतं ठेवायचं. नोव्हेंबरात गोड वाइन गाळायची वेळ येईपर्यंत जमलं तर मळा आपला, नाही तर सोसायटीचा. त्यावर त्यानं खांदे उडवले. हा त्याचा होकार.

आज जेवताना म्हणाला, "सूप म्हणजे नुसतं गरम पाणी आहे." मी म्हटलं, उद्यापासून स्वतः कर.

३ मे

पहिले पाहुणे. डेन्मार्कचे दोघं नवरा-बायको आणि त्यांची मैत्रीण. पायऱ्या चढून लालभडक झाले होते, पण हसत होते.

तुलिओला आठवडाभर पढवून ठेवलं होतं. तू फक्त सांगायचंस, ही कुठली द्राक्षं, हिला कशाचा वास येतो, हिच्याबरोबर काय खायचं. चाळीस वर्षं हा माणूस चौकातल्या कॅफेत बसून दुसऱ्यांच्या वाइनला नावं ठेवत आला. तेव्हा तोंडाला कुलूप लावावं लागायचं. आज ते बिचारे डोळे मोठे करून बघतायत, आणि हा पेला त्यांच्या पुढ्यात ठेवून म्हणतो, "तुम्हीच सांगा."

डेन्मार्कची ती बाई घाबरत म्हणाली, लिंबाची पानं आणि ओला दगड. यानं मान डोलावली. "आणखी?" तिचा नवरा म्हणाला, मीठ. "आणखी?" असा तासभर. एखाद्या मास्तरासारखा. स्वतः एक अक्षर सांगितलं नाही.

गंमत म्हणजे ते खूश होऊन गेले. म्हणाले, इतकं आमचं म्हणणं कोणी कधी ऐकूनच घेतलं नव्हतं. मी भांडी घासताना रागानं एक पेला फोडला.

२० मे

गेल्या आठवड्यात कहर झाला. स्टेशनवर तीन अमेरिकन बायकांना आणायला गेले होते. परत येते तो दारातच गॅसचा भपकारा. दूध उतू जाऊन शेगडी विझलेली, गॅस चालू, आणि शेजारच्या खुर्चीत तुलिओ पेपर वाचतोय. धावत जाऊन खिडक्या उघडल्या. पाहुण्यांना अंगणात थांबवलं, म्हटलं, आमच्याकडे वाइनआधी समुद्राची हवा घ्यायची पद्धत आहे.

"नाक आहे का काय आहे तुझ्या तोंडावर?" मी ओरडले.

"नावाला आहे," म्हणाला, आणि पान उलटलं.

असा उर्मट. त्या दिवसापासून शेगडीला हातही लावत नाही. माझ्यावर सूड. आता सकाळची कॉफीसुद्धा मीच करायची. तीही प्यायल्यावर म्हणतो, काळं पाणी. चौकातल्या कॅफेत जाणंही बंद केलंय. म्हणतो, तिथे पण काळंच पाणी देतात.

आमच्या या किनाऱ्यावर माणूस कुरकुर करतोय तोवर तो ठणठणीत आहे असं समजतात. गप्प बसला तर डॉक्टरला बोलावतात. त्या हिशेबानं माझा भाऊ शंभर वर्षं जगणार.

१२ जून

लोक सुट्टीत काय चाखायचं हे कसं ठरवतात ते मला या जन्मात कळणार नाही. आजचे फोन:

एक बाई. पेले चारच का, बोटीवर तर कितीही देतात. एक गृहस्थ. मागे समुद्र दिसतो का, आणि तो फोटोत येतो का. एकीला मासोळ्या नकोत, वाइन नको, पायऱ्या नकोत, पण 'तो अनुभव' हवा. एकाला मासोळ्यांवर चीज हवं. अर्मिदा शेजारीच बसून फरसबी निवडत होती. तिला मी हे सांगितलं तर म्हणाली, "ये म्हणावं. मी त्याला मासोळीसकट मिठात घालते."

अर्मिदाचं आणि माझं अंगण एकच. ती मासोळ्या खारवते आणि गावाच्या बातम्या मुरवते.

इतकं असूनही आठवड्यातून दोनदा टेबल भरतंय. तुलिओ प्रत्येक पाहुण्याला तेच विचारतो आणि जवळच्या चिटोऱ्यांवर लिहून घेतो. कुठल्या पिंपाची वाइन, कोण काय म्हणालं. मी म्हटलं, लोकांची टिंगल करायला जमवतोयस वाटतं. म्हणाला, "तुला तर सगळंच कळतं, देल्फी."

२९ जून

मार्लेन नावाची बाई. बेल्जियमची, साठीची, तीस वर्षं औषधाचं दुकान चालवलेली. परवा आली, पेला नाकाशी नेला आणि म्हणाली, "ही वाइन चांगली आहे, पण पिंप बदलताना उशीर केलात. दोन दिवस."

कुणी असं बोललं असतं तर तुलिओनं त्याला पायऱ्यांवरून खाली धाडला असता. हा उठून उभा राहिला. म्हणाला, "उद्या पुन्हा याल का? पैसे नकोत."

काल आली. आजही आली. आता तळघरात एकेका पिंपापाशी दोघं उभी असतात. ती हुंगते, बोलते, हा लिहितो. अर्मिदा सकाळी दोरीवर कपडे घालताना म्हणाली, "बघ हो, सहासष्टाव्या वर्षी तुझ्या भावाला पालवी फुटली."

"बुद्धी फुटली असती तर बरं झालं असतं," मी म्हटलं.

१ जुलै

दार लावून घेऊन लिहितेय.

तुलिओनं गोड वाइनची बाटली फोडली. आमच्याकडे ती बाटली तीनच वेळा उघडतात: मूल झालं, लग्न लागलं, किंवा घरातलं माणूस निघालं तर ओठांना लावायला. वाळवलेल्या द्राक्षांची ती घोटभर वाइन, वर्षाकाठी जेमतेम चाळीस छोट्या बाटल्या. पाहुण्यांच्या चार पेल्यांत ती नाही हे मी प्रत्येकाला फोनवरच सांगते. आणि यानं ती त्या बेल्जियमच्या बाईसाठी फोडली, अंगणात, भर दुपारी.

मी स्वयंपाकघराच्या खिडकीतून बघत होते. ती बोलत होती आणि हा डोळे मिटून, मान मागे टाकून ऐकत होता. पाऊण तास. स्वतःचा पेला भरलेलाच. एकदा तर डोळ्यांच्या कडा पुसल्या त्यानं. मला लाज वाटली. बहिणीनं बघू नये असं काही तरी बघतेय असं वाटलं, आणि मी खिडकीतून हलले नाही.

ती गेल्यावर विचारलं, "मूल झालंय, का लग्न आहे?"

"दोन्ही नाही."

"मग तू मरतोयस का?"

त्यावर पेला उचलून आत गेला. संध्याकाळपर्यंत अर्ध्या गावाला कळलं होतं. पाद्रीबाबांनी मला अडवून विचारलं, "घरात कुणाचं कमीजास्त आहे का?" म्हटलं, कमी आहे, पण ते डोक्यात.

मार्लेन उद्या परत जाते आहे. सुटले.

१९ ऑगस्ट

उकाडा. पाहुणेच पाहुणे. एकानं वाइनमध्ये बर्फ मागितला, तुलिओनं आणून दिला. काही बोलला नाही. बर्फ! पूर्वीच्या तुलिओनं त्याचा पेला काढून घेतला असता.

९ सप्टेंबर

आज सगळं धुळीला मिळालं.

तोरिनोच्या एका सहलीच्या कंपनीच्या रेबाउदोबाई आल्या होत्या. पुढच्या वर्षी त्यांची माणसं आमच्या किनाऱ्यावर आठ दिवसांच्या सुट्टीला येणार. वाइन आणि जेवणाच्या अकरा जागा त्या बघणार आणि तीन निवडणार. निवडलं तर एप्रिल ते ऑक्टोबर टेबल भरलेलं. मग सोसायटीचं नाव काढायची तुलिओची छाती नव्हती. मी आठवडाभर अंगण घासत होते. अर्मिदानं भाज्या भरलेली जाड पोळी भाजली होती, मासोळ्या तेलात निथळत होत्या.

तुलिओनं घातला तो इस्त्रीचा शर्ट, केलं ते व्यवस्थित. बाटली उघडली. बूच नाकाशी नेलं, अगदी आजोबांसारखं, डोळे बारीक करून. मान हलवली आणि ओतली.

बाईंनी पेला वर उचलला आणि खाली ठेवला. प्यायल्या नाहीत.

"सिन्योर तुलिओ, तुम्ही चाखून बघता का?"

यानं अर्धा पेला घशाखाली घातला. "आमची वाइन अशीच असते."

मी माझा पेला उचलला. भिजलेला पुठ्ठा. वर्षानुवर्षं बंद असलेलं तळघर. बूच बिघडलं की बाटलीला येतो तो वास, आमच्याकडे दहा वर्षांच्या मुलालाही ओळखता येतो. मी धावत दुसरी बाटली आणली, पण बाई तोवर चष्मा पुसत होत्या. जाताना हळूच मला म्हणाल्या, "बूच कुणाचंही बिघडतं. पण घरच्या माणसाला ते ओळखता यायला हवं. नोव्हेंबरात मी पुन्हा या बाजूला आहे. तेव्हा ठरवू."

नाकाशी नेलं होतं त्यानं. सगळ्यांच्या देखत हुंगलं होतं. म्हणजे मुद्दाम केलं. मळा सोसायटीला द्यायचाय म्हणून सख्ख्या बहिणीच्या तोंडाला काळं फासलं. फेब्रुवारीपासून या माणसाची धुणीभांडी करतेय मी.

१२ सप्टेंबर

तीन दिवस बोललेले नाही. तोही बोलत नाही. कुरकुरसुद्धा नाही.

१३ सप्टेंबर

अद्दल घडवायची ठरवली. म्हटलं, भांडला तरी चालेल, पण तोंड उघडायला लावीन.

पालक उकडला, खलबत्त्यात कुटला, तेल घातलं, चीज घातलं, मीठ घातलं. बेझिलचं एक पान नाही. लसणाची पाकळी नाही. हिरवागार दिसत होता. पास्त्यावर ओतून त्याच्या पुढ्यात आपटला. हा लिगुरियातला, पेस्तोच्या मुलखातला माणूस. दुकानातला पेस्तो बघितला तरी याला शिसारी येते. एकदा मावशीनं बेझिलमध्ये अजमोद्याची चार पानं मिसळली होती, तर वर्षभर तिच्याकडे जेवला नव्हता. मी हात बांधून समोर उभी राहिले.

पहिला घास घेतला. दुसरा घेतला. पावानं ताट पुसलं.

मग वर न बघता म्हणाला, "या वर्षी बेझिल चांगली आलीय."

मला आधी वाटलं, डाव उलटवतोय. मग त्याचा चेहरा बघितला. तो समेट करत होता. मनापासून माझ्या हातच्या पेस्तोचं कौतुक करत होता.

मी खुर्चीवर बसले. "तुलिओ, हा पेस्तो नाहीये."

त्यानं रिकाम्या ताटाकडे बघितलं. "मग काय होतं?"

"पालक."

हातातला पावाचा तुकडा ताटात ठेवला. मग म्हणाला, "मीठ बरोबर पडलं होतं. खारट, आंबट, गोड तेवढं कळतं."

"कधीपासून?"

"पडलो तेव्हापासून. टाके काढायला गेलो तेव्हा डॉक्टर म्हणाला, वास येईल हळूहळू. नाही आला."

"आणि मला सांगायचं नाही?"

"रोज सांगत होतो की, देल्फी. सूप पाणी आहे म्हटलं, कॉफी पाणी आहे म्हटलं, नाक नावाला आहे म्हटलं. आणखी कसं सांगतात?"

"मला वाटलं, कुरकुर करतोयस."

"करतच होतो."

१४ सप्टेंबर

झोप लागली नाही, म्हणून पहाटे ही वही मागे चाळली. माझ्याच अक्षरात सगळं लिहिलंय. वाचवत नाही. पोस्टात एकतीस वर्षं लोकांची पत्रं बरोबर घरी पोचवली मी.

सकाळी त्याला मार्लेनबद्दल विचारलं. म्हणाला, "एप्रिलमध्ये वाइन भरली तेव्हा मला काही कळत नव्हतं. विष भरलं का वाइन, देवाला माहीत. कुणीतरी नाकाचं माणूस हवं होतं."

"मी होते ना."

"तू म्हणाली असतीस, छान आहे रे."

हे मला लागलं, कारण मी तसंच म्हटलं असतं.

"आणि ती बाटली?"

"वाटलं, ती उघडली तर येईल. बाकी काही नाही आलं तरी तो वास येईल. नाही आला. मग तिला म्हटलं, काय वास येतो ते सांगा, हळू सांगा. अगदी बोलता बोलता एकदा वाटलं, आला."

मग म्हणाला, या वर्षीची द्राक्षं तोडू, आणि पुढचं सोसायटीला. वाळत घातलेला घड गाळायला कधी तयार होतो ते बाबांनी त्याला नाकानं शिकवलं होतं. दुसरी पद्धत त्याला येत नाही. एक दिवस लवकर गाळली तर पाणी, एक दिवस उशीर झाला तर बुरशी. "आंधळ्यानं गाडी चालवू नये," म्हणाला.

मी म्हटलं, "हंगाम नोव्हेंबरपर्यंत ठरला होता. शब्द दिलायस."

"शब्द कुठे, खांदे उडवले होते."

"आपल्याकडे एकच."

८ ऑक्टोबर

माळ्यावर जाळ्यांवर द्राक्षं वाळतायत, आणि मी शाळेत जातेय. मास्तर तुलिओ. रोज सकाळी एक घड नाकाखाली धरतो. "बोल."

"छान आहे."

"छान हा वास नाही. बोल."

"गोडसर."

"गोड जिभेला कळतं, ते मलाही कळतं. नाकाला काय कळतं ते सांग."

काल मी म्हटलं, पोस्टातल्या डिंकासारखं. मला वाटलं, ओरडेल. त्यानं विचारलं, "ताजा का डबीत वाळलेला?" म्हटलं, ताजा. "म्हणजे पाच आठवडे आहेत," म्हणाला आणि चिटोऱ्यावर 'डिंक, ताजा' असं लिहिलं. मला एकतीस वर्षांत पोस्टात कुणी इतकं गंभीरपणे घेतलं नव्हतं.

पण छळवाद आहे. अर्मिदानं कांदा परतायला घेतला की मला माळ्यावरून हाकलतो, म्हणतो तुझं नाक बिघडेल. मला अत्तर बंद. सर्दी झालेल्या पाद्रीबाबांशी बोलणं बंद. काल शिंकले तर असा बघत होता जसं मी पिंप फोडलं.

६ नोव्हेंबर

रेबाउदोबाई आल्या. मी ठरवलं होतं, तुलिओला आत बसवायचं आणि मीच ओतायचं. पण बाटली उघडायच्या आधीच तो अंगणात येऊन उभा राहिला.

"बाई, मागच्या वेळी मी तुम्हाला नासलेली वाइन दिली. मला वास येत नाही. हिला येतो, पण हिला वाइनमधलं काही कळत नाही. आम्ही दोघं मिळून एक माणूस होतो."

मी जमिनीत जायची बाकी होते. आख्ख्या किनाऱ्यावर वास न येणारा वाइनवाला हा एकच, आणि त्यानं ते पाहुणीला सांगितलं. मी बूच हुंगलं, बाटली ठीक होती, ओतली. बाई पेला हलवून म्हणाल्या, "मग सांगा, काय वास येतो?" तुलिओ माझ्याकडे बघायला लागला. मी घाबरत म्हटलं, ओला दगड, आणि... माझ्या पावसाळी बुटांचा रबर. तो म्हणाला, "रबर म्हणजे खालच्या बांधावरची द्राक्षं. दोन वर्षांनी जाईल." त्यांनी वास घेतला, हसल्या, पुन्हा घेतला. दोन तास बसल्या. मासोळ्यांची बशी पुसून खाल्ली.

मोठे गट आम्हाला झेपणार नाहीत म्हणाल्या. एप्रिलपासून दर शनिवारी सहा माणसं पाठवतील. यादीत बोटवाले पण आहेत. प्लास्टिकच्या पिंपासकट. असो.

बाई गेल्यावर तुलिओला म्हटलं, "मग? सोसायटी?"

"आधी गाळणं होऊ दे."

१० नोव्हेंबर

सकाळी माळ्यावर गेलो. बाहेर वारा पडला होता. त्यानं पहिल्या जाळीवरचा घड उचलून माझ्या नाकाशी धरला.

"डिंक?"

"नाही. डिंक गेला."

"मग?"

मी डोळे मिटले. घाई केली नाही. "मध. पण बरणीतला नाही, पोळ्यातला, मेणासकट. आणि मागून थोडी संत्र्याची साल."

"कच्ची साल का वाळलेली?"

"वाळलेली."

"खाली बुरशी? तळघर? खोटं बोलू नकोस."

"काही नाही, तुलिओ. स्वच्छ आहे."

तो उलट्या खोक्यावर बसला. म्हणाला, "बाबा असंच म्हणायचे. मेणासकट." मग तोच घड स्वतःच्या नाकाशी नेला. कितीतरी वेळ तसाच धरून बसला, खालमानेनं, जसं काही कुणी आतून बोलेल. मग जपून जाळीवर परत ठेवला आणि म्हणाला, "उद्या गाळू. पुढच्या वर्षी खालचा बांध दुरुस्त करायला हवा."

मला रडू फुटलं. थांबवेना. एप्रनला डोळे पुसावे तर हातांना द्राक्षाचा चिकटा.

"रडू नकोस," तो वैतागून म्हणाला. "नाक चोंदेल. अजून सात जाळ्या राहिल्यात."